नोंद क्रमांक एक्केचाळीस

रबरी हाताचं नाव आम्ही राजाभाऊ ठेवलं होतं.
त्याची शीर नेहमी तिथंच, जिथं पुस्तकात होती.
आत लाल शाई घातलेलं नळाचं पाणी,
कोपराच्या खोबणीत मागच्या तीन बॅचनी पाडलेली भोकं.
राजाभाऊ हात मागं ओढत नसे.
मगदूम मॅडम म्हणायच्या,
हाच त्याच्यातला मोठा दोष.

मग आम्ही एकमेकींच्या हातांवर आलो.
सुईचं तिरकं तोंड वर, पंधरा ते तीस अंश,
पट्टा मिनिटाच्या आत सोडायचा,
पट्टा आधी, सुई मग,
आणि सुईला टोपण परत लावायचं नाही, काही झालं तरी.
विश्रामबागहून सिव्हिलला जाणाऱ्या बसमध्ये
मी ओठांतल्या ओठांत नळ्यांचा क्रम घोकायचे:
निळी, लाल, पिवळी, हिरवी, जांभळी, करडी.
नि-ला-पि-हि-जां-क.
शेजारच्या बाईंना वाटलं, कुठलातरी मंत्र असावा.
त्यांनी सरकून जागा दिली.

शंभर नोंदी, प्रत्येकीपुढं सही,
मग परीक्षा, मग कौन्सिलची नोंदणी.
भाऊ विचारतो, रक्त काढायला कसलं आलंय सर्टिफिकेट?
डास काढतोच की.
मी म्हणते, डास नाव विचारत नाही.

नाव आपण सांगायचं नाही, विचारायचं.
"तुम्हीच का त्या अमक्या?" असं म्हटलं
की तापातला माणूस कशालाही हो म्हणतो.
नाव सांगा. पूर्ण. जन्मतारीख सांगा.
आणि नळीवर चिठ्ठी तिथंच, त्याच्या डोळ्यांसमोर.

एक्केचाळिसावी बाई मार्केट यार्डातून आली,
हळदीच्या सौद्यातनं उठून, थेट.
दोन्ही हात कोपराच्या वरपर्यंत पिवळे.
नाव?
अक्काताई सिदू ऐवळे.
जन्मतारीख?
"कोयनेचा धक्का बसला तवा मी पाळण्यात हुते.
पाळणा आपसूक हालला म्हणं."
आधारवर एक जानेवारी.
आमच्या रजिस्टरात अर्धा जिल्हा एक जानेवारीला जन्मलाय.

स्पिरिटचा बोळा फिरवला. पिवळा.
दुसरा. पिवळा.
तिसरा, चौथा.
नियम म्हणतो, मधून बाहेर गोल फिरवा, वाळू द्या.
नियमानं हळद बघितलेली नाही.
"किती पुसतीस गं? तीस वर्साची हाय ती."
रांगेतून कुणीतरी म्हणालं, कावीळ दिसतीय.
चिठ्ठीवरही तेच विचारलं होतं: बिलिरुबिन.
कातडीवरून सांगणं
इथं कुणाच्याच बापाला जमणार नव्हतं.

शीर दिसेना.
पहिल्यांदा चुकले.
"झालं?"
"नाही मावशी. टोचलं, पण मिळालं नाही."
दोनदा चुकलं की तिसरा प्रयत्न आपला नसतो,
दुसऱ्याला हाक मारायची, लाज न बाळगता.
मॅडम दारात उभ्या, हाताची घडी घालून.

मी डोळेबिळे मिटले नाहीत, ते सिनेमात.
दुसरा हात घेतला आणि नुसतं बोट ठेवलं.
हातमोज्याच्या आतून
भिजलेल्या सुतळीसारखं काहीतरी लागलं,
दाबलं की परत वर येणारं.
पोती शिवून शिवून कमावलेली शीर,
जरा बाजूला, पुस्तकाच्या बाहेर.
नळी भरली.
रक्त लालच होतं.
का कोण जाणे, मला तेवढ्यापुरती खात्री नव्हती.

लॉगबुकात लिहिलं, प्रयत्न: दोन.
मॅडमनी सही केली, शेऱ्याचा रकाना कोरा ठेवला.
अक्काताईंनी जिथं कोपर टेकला होता
तिथं पान अजून पिवळं आहे,
बाहेरचे परीक्षक आले की विचारतील.

कापूस दाबून धरला, पण ती उठेना.
"आनि तुजं नाव काय गं?"
चाळीस जणांना मी विचारलं होतं,
उलट कुणी विचारलं नव्हतं.
मी सांगितलं. पूर्ण.
जन्मतारखेसकट.